उलटी बाजू

पहिलं पुठ्ठं छिद्रायच्या आधी
मामय्यांनी विचारलं, हा माणूस कोण?
मी चिठ्ठी वाचली. नमुन्याच्या पाकिटात आलेली,
कुणीतरी घाईघाईत मराठी केलेली:
ऑनफ्रॉय, नॉर्मन सरदार, नऊशे वर्षांपूर्वीचा.
क्रूसाच्या लढाईला गेला. परत आला.
भिंतीवर टांगायचं कापड, सहा बाय नऊ,
नग चाळीस, बोट जूनमध्ये.

ते नाव मामय्यांच्या तोंडात बसेना.
उंफ्रय्या, म्हणाले,
आणि दाजी पेठेत तो उंफ्रय्याच झाला,
वारंगळकडून आलेल्या कुणाचा तरी चुलता असावा तसा.

भोक असेल तिथे धागा वर,
नसेल तिथे खाली.
जकार्डला एवढंच येतं, हो आणि नाही.
त्याच्या चिलखताला अकराशे पुठ्ठे लागले.
चेहऱ्याला चोवीस.

लोखंडाचा सदरा घालून उन्हात चालला हा?
पत्र्याखाली, मेमध्ये, बनियनवर बसलेले मामय्या हसले.
आणा म्हणावं त्याला अक्कलकोट रोडला,
दुपारी बाराला.

मग वेढा आला. अँटिओक.
उपासमारीत त्याने घोडा खाल्ला, असं एका ओळीत होतं.
मामय्यांचा हात थांबला.
स्वतःचा?
स्वतःचा.
नाव काय होतं घोड्याचं?
ते लिहिलेलं नाही.
बराच वेळ ते त्या चौकटीकडे बघत राहिले,
मग म्हणाले, कडक भाकऱ्या बांधून दिल्या असत्या कुणी
आणि शेंगाचटणीची पुडी,
तर चार महिने निघाले असते.

जेरुसलेमसाठी गिऱ्हाइकाची सूचना वेगळी, खाली रेघ ओढलेली:
रक्त नको. मरून रंग फक्त झेंड्याला.
मी विचारलं, मग रस्त्यात पडलेली माणसं?
मातीच्याच रंगात घेऊ, मामय्या म्हणाले,
वर तपकिरी. खाली पांढरा सोडून देतो.
दिसणार नाहीत कुणाला.

अकरा वर्षं त्याच्या बायकोने जमीन सांभाळली.
तिचंही नाव चिठ्ठीत नाही.
ही ओळ मी जरा भरभर वाचली.
यांना भिवंडीला जाऊन तिसरं वर्ष,
रविवारी फोन येतो, पण मागांच्या आवाजात
अर्धं मी माझ्या मनानेच ऐकते.
मामय्यांनी मान वर केली नाही.
फक्त पंचाचा एक ठोका चुकला,
किंवा मला वाटलं चुकला.

शेवटच्या चौकटीत तो म्हातारा.
एक कान गेलेला, मठाला शेत दिलेलं,
अंगावर जाडंभरडं कापड,
आणि दाराकडे पाठ करून तो कधीच बसला नाही म्हणे.
हे मात्र आम्हाला समजावून सांगावं लागलं नाही.
गिरणी बंद झाली तेव्हापासून
मामय्याही भोंग्याच्या वेळेला जागे होतात.

पहिला नग रात्री उतरला.
बल्बखाली पसरला, सुता कापल्या, फोटो काढला.
ऐटीत पूर्वेला निघालेला उंफ्रय्या,
गिऱ्हाइकाला हवा तसा.

मग आम्ही तो पालथा केला.
सोलापूरच्या कापडाला दोन तोंडं असतात.

तिकडे चिलखत काळं पडलेलं.
जहाजाचं तोंड घराकडे.
घोडा पश्चिमेला चाललेला, सगळा, शेपटीसकट.
रस्त्यातली माणसं पांढरी,
मी मोजली, सदतीस,
त्यांच्यात लहान मुलंही होती, ती मामय्यांनी कधी घातली
मला कळलंच नाही.
आणि कोपऱ्यातल्या गढीच्या खिडकीत,
जिथे नक्षीच्या कागदावर कोरा चौकोन होता,
तिथे चार टाक्यांचा उजेड.

हे काय?
ते सुता झाडत राहिले.
तीन भोकं जास्त पडली, म्हणाले. हात थरथरतो आता.

फोटो सुलट्या बाजूचाच पाठवला.
एकोणचाळीस अजून विणायचे होते.
दिवा मालवताना मामय्या म्हणाले,
घोड्याला तरी काहीतरी नाव ठेव.
मी ठेवलं.
चिठ्ठीत ते नाही,
म्हणून इथेही लिहीत नाही.